नियमात बसतं!

आपल्या रोजच्या बोलण्यात काही वाक्यं अशी आहेत, की ती कानावर आली की समजावं, कुठे तरी पाणी मुरतंय. 'तुम्ही आपले म्हणून सांगतो' हे त्यातलं एक. 'अहो, पैशाचा प्रश्न नाही' हे दुसरं. हे वाक्य पैशाचाच प्रश्न असल्याशिवाय कुणी उच्चारल्याचं मला आठवत नाही. आणि तिसरं वाक्य म्हणजे 'नियमात बसतं!'

आता बघा, आई पोराला वरणभात भरवते तेव्हा 'हे नियमात बसतं' असं म्हणत नाही. शेजारच्या म्हाताऱ्याला रात्री दोन वाजता डॉक्टरकडे नेताना आपण कुठलं कलम उघडून पाहत नाही. 'नियमात बसतं' असं म्हणायची पाळी येते, ती ती गोष्ट दुसरीकडे कुठे तरी बसत नसते तेव्हा. बहुधा छातीच्या डाव्या बाजूला.

हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकलं ते गिरगावातल्या आमच्या चाळीच्या चौकात, वयाच्या दहाव्या वर्षी. आमचं क्रिकेट म्हणजे रबरी चेंडू, स्टंपांच्या जागी रॉकेलचा डबा आणि एका टप्प्यावर झेल घेतला तरी आउट. आमच्यात एक मुलगा होता, त्याचे वडील फोर्टात कुणा सॉलिसिटरकडे कारकून होते. त्यामुळे त्याला आम्ही सॉलिसिटर म्हणत असू. हा एके दिवशी बोलिंगला आला आणि त्याने आपले दोन धाकटे भाऊ पहिल्या मजल्याच्या गॅलरीत उभे केले. मी उंच मारलेला चेंडू धाकट्याने कठड्यावरून वाकून झेलला.

"आउट!"

"आउट कसला? गॅलरीत काय फील्डर असतो?"

"नसतो असा नियम आहे? दाखव."

नियम नव्हता. चाळीचं क्रिकेट सुरू झालं तेव्हा गॅलरीत कुणी माणूस उभा करील हे कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं. आम्ही सगळे गप्प झालो. मग मी बॅट काखोटीला मारली आणि घरी निघून आलो. बॅट माझी होती. हेही नियमात बसत होतं!

संध्याकाळी तिसऱ्या मजल्यावरच्या अण्णांनी ही हकिगत ऐकली आणि तपकिरीची चिमूट तशीच हवेत धरून म्हणाले, "म्हणजे जार्डिन जन्माला आला म्हणायचा आपल्या चाळीत!"

जार्डिन हे नाव मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं. अण्णांनी त्याला डोळ्यांनी पाहिला होता, निदान असं ते सांगत. डिसेंबर १९३३ मध्ये हिंदुस्थानच्या भूमीवरचा पहिला कसोटी सामना मुंबई जिमखान्यावर झाला. लाला अमरनाथने ११८ धावा काढून हिंदुस्थानचं पहिलं कसोटी शतक ठोकलं, आणि तरीही इंग्लंडने सामना नऊ गडी राखून जिंकला. त्या सामन्यात आपला कर्णधार होता सी. के. नायडू आणि त्यांचा डग्लस जार्डिन. आता अमरनाथचं ते शतक 'प्रत्यक्ष पाहिलेले' इतके लोक मला आयुष्यात भेटले आहेत, की ते सगळे खरं बोलत असतील तर त्या दिवशी प्रेक्षक चर्चगेटपर्यंत उभे असले पाहिजेत. पण अण्णांवर माझा विश्वास आहे. कारण ते शतकाबद्दल फारसं बोलत नसत, जार्डिनच्या नाकाबद्दल बोलत. "असं नाक," ते म्हणत, "की समोरच्याने आपोआप अर्ज लिहायला घ्यावा."

पुढे मी या गृहस्थाबद्दल मिळेल ते वाचत गेलो, आणि पहिला धक्का बसला तो असा, की हा मुंबईकर! जन्म मलबार हिलवर, २३ ऑक्टोबर १९०० चा. वडील माल्कम जार्डिन मुंबईत बॅरिस्टरी करीत, आणि तरुणपणी ऑक्सफर्डकडून क्रिकेट खेळून आलेले. म्हणजे मी जिथे आउट झालो त्या चौकापासून जार्डिनचं जन्मस्थान फार तर अर्ध्या तासाच्या चालीवर, फक्त चढणीचं. ही चढण मात्र गिरगावातल्या माणसाला सहसा चढता येत नाही!

नवव्या वर्षी पोराला स्कॉटलंडमध्ये मावशीकडे धाडलं. मग विंचेस्टरची शाळा, मग ऑक्सफर्ड. १९२१ साली दौऱ्यावर आलेल्या ऑस्ट्रेलियन संघाविरुद्ध ऑक्सफर्डकडून खेळताना ९६ धावांवर नाबाद असताना सामना संपला. चार धावांनी शतक हुकलं. काही लोक म्हणतात, पुढचं सगळं महाभारत त्या चार धावांचं आहे. मला हे पटत नाही; पण आमच्या चाळीत चार आण्यांवरून दोन बिऱ्हाडं वीस वर्षं बोलत नव्हती, तेव्हा अगदीच अशक्य म्हणवत नाही.

१९२६ साली तो सॉलिसिटर झाला. खरं म्हणजे त्या सुमारास नोकरी बँकेत कारकुनाची. क्रिकेट मात्र हौशी, म्हणजे अमॅच्युअर. या अमॅच्युअर शब्दाची गंमत सांगायला हवी. त्या काळी इंग्लंडात क्रिकेटर दोन जातींचे असत. पैसे न घेता खेळणारा तो 'जंटलमन', आणि पैसे घेऊन खेळणारा तो नुसताच 'प्लेयर'. दोघांच्या खोल्या वेगळ्या, मैदानात उतरायच्या वाटा वेगळ्या. धावफलकाच्या छापील कागदावर एकाच्या नावामागे 'मिस्टर' आणि आद्याक्षरं, दुसऱ्याचं नुसतं आडनाव. आणि कर्णधार बहुतेक नेहमीच जंटलमन. ही सोवळ्याओवळ्याची व्यवस्था तिथे थेट १९६२ पर्यंत चालली. आपल्याला उगीच वाटत असतं, की पंक्तिभेद हा फक्त आपलाच शोध!

असा हा मिस्टर डी. आर. जार्डिन. डोक्यावर ऑक्सफर्डच्या एका क्लबाची रंगीबेरंगी टोपी, गळ्याला रुमाल, मान ताठ. १९२८-२९ च्या दौऱ्यावर ऑस्ट्रेलियन प्रेक्षकांनी ती टोपी पाहिली आणि त्यांचं टाळकं सरकलं. त्यांनी त्याची यथेच्छ टिंगल केली. त्यानेही टोपी बदलली नाही आणि ऑस्ट्रेलियन माणसांबद्दलचं मतही बदललं नाही.

मग आला १९३० चा उन्हाळा. डॉन ब्रॅडमन नावाच्या एका पोऱ्याने इंग्लंडात येऊन पाच कसोट्यांत ९७४ धावा कुटल्या. पुढच्या दौऱ्यासाठी जार्डिनला कर्णधार नेमलं, तेव्हा त्याच्यापुढे प्रश्न एकच होता : या माणसाला आउट कसा करायचा? दुसरा कुणी असता तर त्याने गोलंदाजांना आणखी सराव करायला लावला असता, नाही तर देवाला नवस बोलला असता. जार्डिन सॉलिसिटर होता. त्याने प्रश्नाकडे कायद्याच्या अंगाने पाहिलं.

चेंडू आखूड टाकू नये असा नियम आहे? नाही. फलंदाजाच्या छातीच्या, डोक्याच्या रोखाने उसळेल असा टाकू नये? नाही. लेगच्या बाजूला सहा-सात क्षेत्ररक्षक लावू नयेत? नाही. मग झालं तर! नॉटिंगहॅमशायरच्या हॅरल्ड लारवुडसारखा विजेच्या वेगाचा गोलंदाज हाताशी होता. तो अंगावर टाकणार. फलंदाजाने जीव वाचवायला बॅट मध्ये घातली तर झेल, नाही घातली तर बरगडी. सगळंच नियमात बसत होतं. फील्डर गॅलरीत उभा होता!

जानेवारी १९३३ मध्ये अ‍ॅडलेडला लारवुडचा एक चेंडू ऑस्ट्रेलियाचा कर्णधार वुडफुल याच्या छातीवर, हृदयाच्या वरच्या अंगाला बसला. तो बॅट टाकून कळवळला. सारं मैदान ओरडत होतं, आणि जार्डिन ब्रॅडमनला ऐकू जाईल अशा बेताने म्हणाला, "छान टाकलास, हॅरल्ड!" तो घाव बसला तेव्हा क्षेत्ररक्षण साधंच होतं. पण वुडफुल पुन्हा उभा राहिला, आणि त्यानंतर लौकरच जार्डिनने सगळे फील्डर लेगला हलवले. पुढे त्याच सामन्यात ओल्डफील्डच्या कवटीला चीर गेली. न्यायाने सांगायचं तर तो चेंडूही बॉडीलाइनच्या व्यूहातला नव्हता. पण एवढा न्यायबुद्धीचा प्रेक्षक क्रिकेटला मिळत नसतो.

ऑस्ट्रेलियाच्या बोर्डाने लंडनला तार केली, की हे खिलाडूपणाला सोडून आहे. लंडनच्या एम.सी.सी.ने उलट तार केली, की तुमच्या शब्दांचा आम्ही निषेध करतो, आणि वाटत असेल तर दौरा रद्द करा. चेंडू कुणाच्या छातीवर बसला यापेक्षा शब्द कुणाला लागला यावर चर्चा सुरू झाली. हे वाचताना मला आमच्या सोसायटीच्या सभांची फार आठवण येते. शेवटी ऑस्ट्रेलियाने शब्द गिळला, आणि इंग्लंडने मालिका ४-१ अशी जिंकली. ब्रॅडमनची सरासरी घसरून ५६ वर आली. लारवुडने ३३ बळी घेतले. जार्डिनची केस शंभर टक्के यशस्वी!

आता खरा प्रश्न. यात जार्डिनचं चुकलं काय? त्याच्या बाजूने वकीलपत्र घ्यायचं म्हटलं तर मुद्दे भरपूर आहेत. १९३३ च्याच उन्हाळ्यात मँचेस्टरला वेस्ट इंडीजच्या कॉन्स्टंटाइन आणि मार्टिनडेल यांनी हेच औषध खुद्द जार्डिनला पाजलं. अंगावर चेंडू आणि लेगला गराडा. गडी हूं की चूं न करता उभा राहिला आणि १२७ धावा काढल्या. त्याच्या आयुष्यातलं ते एकुलतं एक कसोटी शतक. म्हणजे जे दुसऱ्याला दिलं ते स्वतःच्या बरगड्यांवर घ्यायला तो तयार होता. आपल्यातले किती जण असतात? मी आजवर जे नियमावर बोट ठेवणारे पाहिले, ते सगळे आपल्यावर पाळी आली की बोट उचलून विनवणीला हात जोडणारे. त्यात मीही आलो. कसा ते पुढे सांगतो.

पण त्याच दौऱ्यातली दुसरी एक गोष्ट मला जास्त सतावते. इंग्लंडच्या त्या संघात आपले पतौडीचे नवाब होते. आपल्याला ठाऊक असलेल्या टायगर पतौडीचे वडील. सिडनीला पहिल्याच कसोटीत त्यांनी शतक काढलं. जार्डिनने त्यांना लेगच्या त्या घोळक्यात उभं राहायला सांगितलं, तेव्हा ते नाही म्हणाले. त्यावर जार्डिन म्हणाला म्हणे, "असं! नवाबसाहेबांची सदसद्विवेकबुद्धी आडवी आली वाटतं!" दुसऱ्या कसोटीनंतर त्या मालिकेत नवाबसाहेब पुन्हा दिसले नाहीत. गबी अ‍ॅलन नावाच्या गोलंदाजानेही अंगावर चेंडू टाकायला साफ नकार दिला. तो हौशी, मिस्टर अ‍ॅलन. त्याचं कुणी काही वाकडं केलं नाही.

आणि लारवुड? तो पोरवयात कोळशाच्या खाणीत राबलेला. क्रिकेट हेच त्याचं पोट. त्याचा कर्णधारावर जीव होता आणि ती गोलंदाजी त्याला मनापासून मान्य होती, हेही खरं. पण समजा, त्याला ती मान्य नसती, तर? नवाबाची सदसद्विवेकबुद्धी आडवी आली तर नवाब पॅव्हेलियनमध्ये बसतो. खाणकामगाराची आडवी आली तर तो खाणीत जातो. सदसद्विवेकबुद्धी देवाने सगळ्यांना दिली असेल, पण ती वापरण्याचा खर्च प्रत्येकाला वेगवेगळा पडतो.

मग हिशेबाची वेळ आली. १९३४ मध्ये ऑस्ट्रेलियाचा संघ इंग्लंडात यायचा होता, आणि साहेबलोकांना आता भांडण मिटवायचं होतं. माफी कुणी मागावी? कर्णधाराने नव्हे, त्याला नेमणाऱ्यांनी नव्हे, दौरा रद्द करायची भाषा करणाऱ्यांनी तर नव्हेच. माफी मागायला सांगितलं लारवुडला! तो म्हणाला, मी कर्णधाराने सांगितलं ते केलं, मी माफी मागणार नाही. तो इंग्लंडकडून पुन्हा कधीही कसोटी खेळला नाही. १९५० साली बायकामुलांना घेऊन तो राहायला गेला तो कुठे? ऑस्ट्रेलियात! आणि ज्यांच्या बरगड्या त्याने शेकल्या त्यांनीच त्याला आपला म्हटलं.

जार्डिनने लारवुडला एक चांदीचं ॲशट्रे भेट दिलं होतं. 'ॲशेसबद्दल हॅरल्डला, कृतज्ञ कर्णधाराकडून' अशा अर्थाची अक्षरं त्यावर कोरलेली. ॲशेस जिंकून दिल्याबद्दल ॲशट्रे! जार्डिनला विनोदबुद्धी नव्हती असं म्हणणाऱ्यांनी याचा विचार करावा.

या ॲशट्रेपाशी आलो, की मला माझी एक गोष्ट आठवते. ती मी आजवर कुणाला सांगितलेली नाही. घरीसुद्धा नाही.

मीही जार्डिनसारखा बँकेत कारकून होतो. सत्तर सालानंतरची गोष्ट. माझी बदली कोकणातल्या एका तालुक्याच्या गावी झाली होती. दिवाळीच्या आदला दिवस, पुढे तीन दिवस सुट्टी. पैशांचे व्यवहार दोन वाजता बंद व्हायचे. दोन वाजून पाच मिनिटांनी एक म्हातारी पायरीशी आली. धापा टाकत होती, चपला हातात. मुलाची मनीऑर्डर नव्हे, तिच्या स्वतःच्या खात्यातले साठ रुपये हवे होते. कॅशियरची पेटी अजून मिटलेली नव्हती. शिपाई दाराशी उभा होता. त्याने माझ्याकडे पाहिलं. "घेऊ का हो साहेब आत?"

मी काही बोललो नाही. फक्त घड्याळाकडे बोट केलं. मला साडेतीनची एस.टी. गाठायची होती, मुंबईला घरी फराळ वाट पाहत होता. शिपायाने जाळीचं दार ओढलं. म्हातारी थोडा वेळ जाळी धरून उभी राहिली, मग निघून गेली. चपला तिने तेव्हाही पायांत घातल्या नव्हत्या. हे मला का आठवावं, कोण जाणे.

दिवाळीनंतर तक्रार आली. म्हातारीचा कुणी भाचा पंचायतीत होता. तक्रार शिपायाविरुद्ध होती, कारण दार ओढणारा हात तिने पाहिला होता. घड्याळाकडे गेलेलं बोट जाळीच्या आत होतं. मॅनेजरसाहेबांनी मला बोलावून विचारलं. मी म्हणालो, "साहेब, दोन वाजून गेले होते. नियमात बसतं." अगदी हेच शब्द. 'मी सांगितलं म्हणून त्याने दार लावलं' हे वाक्य ओठांवर होतं. ते तिथेच राहिलं. नियमाप्रमाणे ते मला कुणी विचारलेलंच नव्हतं! शिपायाला उद्धट वर्तनाबद्दल मेमो मिळाला. त्याने माझं नाव घेतलं नाही.

त्या संध्याकाळी मी त्याला बाजारात नेलं आणि भजी आणि चहा दिला. दोन प्लेटी. ते माझं ॲशट्रे.

आणि इथेच तो नाकाडा मलबार हिलवाला माझ्या वरचढ ठरतो. जार्डिनने आपला डाव लारवुडच्या माथी मारला नाही. १९३३ मध्येच पुस्तक लिहून त्याने जगाला सांगितलं, की हे डावपेच माझे आणि मला त्यांची लाज वाटत नाही. पुढे ऑस्ट्रेलियाविरुद्ध खेळायची आपली इच्छा नाही असं जाहीर करून तो बाजूला झाला. म्हणजे जार्डिन बोट करून थांबला नव्हता. बोट आपलं आहे हे त्याने सांगितलंही होतं. चुकला तो वेगळ्या जागी. त्याला वाटलं, नियम आहे म्हणजे सगळं लिहिलेलं आहे. पण नियम लिहिणारी माणसं निम्मं लिहीत नाहीत, कारण उरलेलं निम्मं समोरचा सांभाळील असं ती गृहीत धरतात. आमच्या चाळीनेही धरलं होतं. त्या न लिहिलेल्या निम्म्यावर एकदा पाय पडला, की ते लिहून काढावं लागतं, आणि नियमांची वही जाड होत जाते. क्रिकेटमध्ये थेट अंगावरच्या माऱ्याला लौकरच बंदी आली. लेगला मागच्या बाजूला दोनच फील्डर, हे १९५७ साली आलं. गॅलरीत फील्डर नको, हे आमच्या चाळीत दुसऱ्याच दिवशी आलं.

नियतीही काय थट्टेखोर असते! १९५३ साली इंग्लंडात अंपायरांची संघटना निघाली, तिचा पहिला अध्यक्ष कोण, तर डग्लस जार्डिन. १९५८ मध्ये तो गेला. लारवुड पुढे सदतीस वर्षं जगला. आपल्या कर्णधाराविरुद्ध एक शब्द त्याने ऐकून घेतला नाही.

काही वर्षांपूर्वी मी त्या तालुक्याच्या गावी एका लग्नाला गेलो होतो. मांडवाच्या दाराशी एक पिकलेला गृहस्थ खुर्ची टाकून बसला होता. त्याने मला ओळखलं. मला जरा वेळ लागला. इकडचं तिकडचं झालं. मग मी धीर केला. म्हटलं, "तो दिवाळीचा मेमो… खरं म्हणजे तो माझा होता. मी तेव्हा बोलायला हवं होतं."

तो थोडा वेळ मांडवाकडे पाहत राहिला. मग म्हणाला, "आता त्याचं काय एवढं, साहेब! भजी मात्र गरम होती."